अकरा सेकंद काळं

सोमवारी सकाळी, चहा संपायच्या आत, केतकी चौगुलेच्या टेबलावर आठवड्याच्या खेळांची यादी आली आणि तीत तिला स्वतःच्या मुलीचं नाव दिसलं. गुरुवार, दुपारी तीन. प्रदर्शनगृह क्रमांक दोन. चित्रपट 'नदीपार'. प्रेक्षक अरुणदलाची सातवी तुकडी, एकूण दोनशे बारा मुलं. एकशे चाळिसावं नाव शर्वरी रणधीर चौगुले, वय तेरा.

दुसऱ्या कुठल्या आईला असं नाव दिसलं असतं तर तिने पेढे वाटले असते. मनापासून नाही तरी शेजाऱ्यांना दिसावेत म्हणून नक्की वाटले असते. केतकीने मात्र हातातला अर्धा चहा तसाच बाजूला सारला. 'नदीपार' तिनेच कापला होता. लोकचित्र विभागात संकलनाला कापणंच म्हणत. एकतिसाव्या मिनिटाला मुलं झेंडा दातात धरून नदी ओलांडतात, हे तिला पाठ होतं. त्या जागी आपण काय पेरून ठेवलंय, हेही पाठ होतं.

राष्ट्रपालकांची राजवट येऊन तेव्हा अकरा वर्षं झाली होती. लोक त्यांना नुसतं 'पालक' म्हणत. शाळेच्या अर्जावरचा 'पालकाचे नाव' हा रकाना पहिल्याच वर्षी गेला, कारण त्यात लिहायचं नाव आता एकच होतं. मंडईत पालकाची जुडी मागायचीसुद्धा पंचाईत झाली. एका म्हाताऱ्याने भाजीवालीला 'पालक किडका निघाला' असं सांगितलं, तो चार महिन्यांनी घरी आला आणि त्यानंतर भाज्यांबद्दल काही बोलला नाही. दहा वर्षांवरच्या प्रत्येक मुलाला अरुणदलात जावं लागे. भगभगीत पिवळा शर्ट, खांद्यावर उगवत्या सूर्याचा बिल्ला, पहाटे कवायत, रविवारी श्रमदान. आणि महिन्यातून एकदा चित्रपट.

हे चित्रपट कसे असत ते सांगायला हवं, नाहीतर केतकीचा चहा का राहिला ते कळणार नाही.

वरवर पाहिलं तर सगळे सारखेच. पिवळ्या शर्टातली मुलं बांध घालतायत, झाडं लावतायत, रांगेत गातायत, आणि शेवटी पालक येऊन एखाद्या मुलाच्या डोक्यावर हात ठेवतायत. अशा फिती पूर्वीच्या हुकूमशहांनीही काढल्या. लोक त्या बघत, टाळ्या वाजवत आणि घरी जाऊन विसरून जात. डॉक्टर वझ्यांनी नेमकी ही विसरण्याची सोय काढून घेतली. वझे मुळात मनाचे डॉक्टर. भूकंपातून, अपघातातून वाचलेल्या लोकांवर ते उपचार करत. आठवण ही कपाटात ठेवलेल्या फोटोसारखी नसते, हे त्यांच्या शास्त्राला फार पूर्वीपासून ठाऊक होतं. एखादी गोष्ट आठवली की मेंदू ती बाहेर काढतो आणि मग पुन्हा नव्याने साठवतो. या साठवण्याला पाच-सहा तास लागतात. तेवढा वेळ ती आठवण ताज्या गिलाव्यासारखी ओली असते. त्या वेळात तिच्यावर जे उमटेल ते तिच्यासकट वाळतं. वझे या ओल्या वेळात माणसाची भीती हलकी करत. राजवटीने त्यांना मोठी इमारत दिली आणि त्याच वेळात दुसरं काही उमटवता येईल का, असं विचारलं. वझे नाही म्हणाले नाहीत.

प्रदर्शनगृहात मोठा पडदा नसे. प्रत्येक खुर्चीला एक चष्मा आणि एक टोपी. टोपीतल्या चकत्यांना मुलाच्या डोक्यात स्वतःची आठवण जागी झाल्याचं पाव सेकंदात कळे. त्यामुळे दोनशे बारा मुलं एकच चित्रपट बघतायत असं वाटलं तरी प्रती दोनशे बारा असत. मुलाची खरी आठवण जागी करणाऱ्या आवाजाला विभागात 'दार' म्हणत. कुणाला कुकरची शिट्टी, कुणाला आजोबांचा खोकला, कुणाला हापशाची करकर. दार उघडलं की चार सेकंदांच्या आत 'भरण' टाकायचं, म्हणजे पालकांचं एखादं दृश्य. दार कच्चं असेल तर तीन-चार महिन्यांत, पक्कं असेल तर एकाच खेळात, मुलाला स्वच्छ आठवू लागे की सायकल शिकताना आपल्याला पालकांनी धरलं होतं. ते खोटं बोलत नसे. त्याला खरंच आठवत असे.

दारं शोधण्यात केतकीचा हात धरणारं विभागात कुणी नव्हतं. नऊ वर्षं ती हे काम करत होती. सुरुवातीला ती स्वतःला सांगायची की आपण नाही केलं तर दुसरं कुणी करेल. पुढे तिने स्वतःला काही सांगणंच बंद केलं.

'नदीपार'मधलं दार पाण्याचं होतं. पोहता येणाऱ्या प्रत्येक मुलाला एकतिसाव्या मिनिटाला आपलं पोहायला शिकणं आठवणार होतं. आणि शर्वरीला पोहायला तिच्या बाबांनी शिकवलं होतं. मार्चमधल्या एका शनिवारी भर दुपारी, वारणेच्या डोहात, तिचे हात पहिल्यांदा आपले आपण चालले. त्याच दुपारी, त्याच वेळी, गावातल्या दलाच्या प्रदर्शनगृहाला आग लागली. आत कुणी नव्हतं, खुर्च्या आणि टोप्या तेवढ्या जळाल्या. पण टोपी जाळणं म्हणजे राजद्रोह, आणि राजद्रोहाला शिक्षा एकच. पोलिसांनी भूगोलाचे मास्तर रणधीर चौगुले यांना उचललं. आधीच्या महिन्यात चित्रपटाची हजेरी भरायला नकार देणारा गावात तोच एक माणूस होता. अकरा ते दोन तो कुठे होता, हे सांगू शकणारं जगात एकच माणूस होतं, तेरा वर्षांचं.

सुनावणी शनिवारी होती. चित्रपट गुरुवारी.

*

संध्याकाळी केतकी घरी आली तेव्हा शर्वरी बिल्ला घासत बसली होती.

"आई, शनिवारी मी काय सांगायचं?"

"जे झालं ते."

"ते मला माहितीये. बाबांनी माझ्या पाठीला पत्र्याचा डबा बांधला होता ना, तो त्यांनी मधेच सोडला. मला सांगितलंच नाही. मी आपली चाललेय हात मारत, आणि मागे बघते तर डबा बाबांच्या हातात. वर हसतायत. मला इतका राग..."

"आत्ता नको," केतकी म्हणाली. "आधी जेवून घे."

"का? मला सगळं आठवतंय."

"म्हणूनच."

शर्वरीने आईकडे बघितलं आणि पुन्हा बिल्ल्याकडे वळली. साडेसातला घराघरात पालकांचं भाषण लागायचं, बंद करायची कळ नसलेल्या पेटीवर. त्याला पाव तास होता. डोह आणि डबा मनात ओला असताना पोरीच्या कानावर तो आवाज पडायला नको होता. नवऱ्याला सोडवू शकणारी एकच आठवण घरात होती आणि ती बोलूनही दाखवता येत नव्हती. केतकीने भाकरी थापायला घेतली आणि सबंध पाव तास भेंडीच्या भावाबद्दल बोलत राहिली.

गुरुवारी शर्वरीला घरी ठेवायचं तिच्या मनात दहादा आलं. पण चित्रपट चुकवणाऱ्या मुलाचा बिल्ला काढून घेत. आणि सगळी मदार त्या बिल्ल्यावरच होती. अरुणदलाचं मूल खोटं बोलत नाही, हे राजवटीनेच कायद्यात लिहून ठेवलं होतं. आईबापांविरुद्ध साक्षी मिळाव्यात म्हणून लिहिलं होतं, पण लिहिलं होतं खरं. बिल्ला लावलेल्या पोरीने 'बाबा माझ्याजवळ होते' असं म्हटलं, तर रणधीरला सोडावंच लागणार होतं.

*

मंगळवारी तिला भेटीची सात मिनिटं मिळाली. मधे काच होती. रणधीरची दाढी वाढली होती आणि गळपट्टीचं बटण तुटलेलं होतं.

"शरू साक्ष देणार आहे," ती म्हणाली.

"तिला कशाला ओढतीस यात?"

"दुसरं कोण होतं तिथं?"

"एक म्हैस होती."

"ती दलात नाही," केतकी म्हणाली.

रणधीर हसला.  

"गुरुवारी तिला 'नदीपार' दाखवणार आहेत," ती खालच्या आवाजात म्हणाली. "मी बघते काहीतरी."

रणधीरने काचेतून तिच्याकडे बघितलं. तिच्या नोकरीवरून तो कधी भांडला नव्हता. एकदाच, दोन वर्षांपूर्वी, वह्या तपासता तपासता तो म्हणाला होता की माझ्या वर्गातल्या चाळीस पोरांनी सहलीवर निबंध लिहिलाय, चाळीसही निबंधांत पालक त्यांच्याशी लगोरी खेळलेत, आणि सहल यंदा गेलीच नव्हती. केतकीने तेव्हा भाजी जास्त तिखट झाली का असं विचारलं होतं.

"तू काही बघू नको," तो आता म्हणाला. "तुला नेलं तर पोरगी दलाच्या वसतिगृहात जाईल. कळतंय ना?"

"आणि तुला नेलं तर?"

"मला नेलंयच की." त्याने काचेवर बोटं टेकली. "नदीवर जाते का ती?"

"दलाबरोबर जाते."

"उजवा पाय आखडता घेते. तेवढं सांग तिला."

शिपायाने वेळ झाल्याचं सांगितलं.

*

बुधवारी केतकीने एकशे चाळीस नंबरची प्रत उघडली. अडचणीच्या मुलांसाठी संकलकाने एखादी प्रत हाताने दुरुस्त करावी, अशी विभागाची रीतच होती. त्यामुळे कुणी मान वर करून बघितलं नाही.

दार काढून टाकता आलं नसतं. प्रत्येक प्रतीतली दारं वझे स्वतः मोजत. चित्र बदलावं, तर प्रती जुळवणारं यंत्र आरोपीचा चेहरा आत घेत नसे. रणधीरचा साधा पाठमोरा फोटो टाकला असता तरी लाल दिवा लागला असता. पण त्याच्या आवाजाची नोंद कुणी ठेवली नव्हती. भूगोलाच्या मास्तरचा आवाज नोंदवायचं कुणाला सुचणार?

आवाज तिच्याकडे होता. फेब्रुवारीतल्या एका रविवारी ती पाण्याचे आवाज भरायला वारणेवर गेली होती आणि मागे बापलेकीचा पोहण्याचा धडा चालू होता. अकरा सेकंदांचा तुकडा निघाला. आधी पत्र्याचा डबा पाण्यावर आपटल्याचा पोकळ आवाज, मग रणधीर: "पाय मार, पाय मार. घाबरतीस कशाला, मी हाय की हितं." गावात वाढलेला रणधीर वर्गात पुस्तकी बोले आणि पाण्यात उतरला की असा. केतकीने तो तुकडा तीनदा ऐकला. चौथ्यांदा ऐकला असता तर तिला रडू आलं असतं, आणि त्या खोलीत रडायची सोय नव्हती.

त्या आवाजावर चित्र कुठलं टाकायचं? तिने काहीच टाकलं नाही. अकरा सेकंद काळं ठेवलं. ही जुन्या संकलकांची पद्धत होती. एखादं दृश्य हाती आलं नसेल तर त्याच्या लांबीइतका काळा तुकडा जोडून पुढे जायचं. केतकी पहिल्यापासून असंच कापायची. ठिकठिकाणी काळं ठेवायचं, आणि चित्रपट बाहेर जायच्या आदल्या दिवशी बसून प्रत्येक काळ्या जागेत पालकांचं योग्य ते दृश्य बसवायचं. तरुण पोरं त्यावरून तिला चिडवायची. म्हणायची, बाईंना अंधाराची फार आवड.

या वेळी तिला ती जागा काळीच हवी होती. बाबांचा आवाज येईल, डोळ्यांपुढे अंधार असेल, आणि त्या अंधारात पोरगी स्वतःचा डोह बघेल, स्वतःचे बाबा बघेल. दार उघडेल, पण आत शिरायला कुणी नसेल. खरी आठवण बाहेर येईल, तिच्यावर काहीच उमटणार नाही आणि ती होती तशी, उलट जास्त घट्ट होऊन, परत जाईल. हिशेब शास्त्राला धरून होता. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच आपण काहीतरी बरं केलं असं तिला वाटलं. तिने आवाजाला 'नदीकाठ, वातावरण' असं नाव दिलं आणि प्रत बंद केली.

*

गुरुवारी पाच वाजता मुलं बाहेर आली. पिवळ्या शर्टांच्या गर्दीत केतकीने शर्वरीला शोधून काढलं. पोरीचे डोळे सुजलेले होते आणि चेहऱ्यावर हसू होतं.

केतकीने काही विचारलं नाही. आणखी पाच-सहा तास काही विचारायचं नव्हतं.

"आई, नदीच्या वेळी मला रडूच आलं," शर्वरी आपणहून म्हणाली. "डब्याचा आवाज आला. अगदी तसाच. पाय मार म्हणाले."

"बरं," केतकी म्हणाली. "चल, उशीर होतोय."

ती इतक्या भराभर चालत होती की शर्वरीला मधून मधून पळावं लागत होतं. पोचली, गोष्ट पोचली, एवढंच तिच्या डोक्यात घुमत होतं. घरी आल्यावर तिने साडेसातच्या आधी मीटरची कळ खाली ओढली. शेजारच्या काकूंना सांगितलं, आमची वायर जळलीय, उद्या माणूस येईल. पालकांची पेटी गप्प राहिली. मेणबत्ती लावून मायलेकी जेवल्या. त्या आठवणीच्या वाटेत आज कुणीही येणार नव्हतं. ती शांतपणे, कुणाचा धक्का न लागता वाळावी म्हणून केतकी पोरीशी बोललीसुद्धा नाही. फक्त तिच्या केसांना तेल लावत बसली.

*

सुनावणी तालुक्याच्या नाट्यगृहात झाली. रंगमंचावर अधिकारी, डावीकडे पिंजरा, उजवीकडे साक्षीदाराची चौकट आणि चार कॅमेरे. पहिल्या रांगेत डॉक्टर वझे होते. दलाचं मूल साक्षीला असलं की ते येत. केतकी सहाव्या रांगेत बसली होती. रणधीरची दाढी आज कुणीतरी घाईघाईने केलेली होती आणि हनुवटीवर कापलं होतं.

शर्वरी चौकटीत उभी राहिली. बिल्ला चकचकत होता. तिने शपथ घेतली.

"त्या शनिवारी अकरा ते दोन तू कुठे होतीस?" अधिकाऱ्यांनी विचारलं.

"नदीवर. डोहात पोहत होते."

"एकटी?"

"नाही."

केतकीने समोरच्या खुर्चीची पाठ धरली.

"तुझ्याबरोबर कोण होतं?"

"पालक होते," शर्वरी म्हणाली.

सभागृहात कौतुकाची कुजबुज झाली.

"त्यांनी मला डबा बांधला," ती सांगत राहिली. तिचा आवाज स्वच्छ होता, कुठेही अडखळत नव्हता. "मग मला न सांगता सोडला. मी मागे बघितलं तर डबा त्यांच्या हातात होता आणि ते हसत होते. म्हणाले, घाबरतेस कशाला, मी आहे इथे. त्या दिवशी मला पोहायला आलं."

"आरोपी त्या वेळी तिथे होते?"

शर्वरीने पिंजऱ्याकडे बघितलं. तिच्या कपाळाला आठी पडली. ती खरंच आठवत होती, बाबांना शोधत होती, आणि ते तिला सापडत नव्हते. केतकी जागेवरून अर्धी उठली. हे खोटं आहे, मी केलंय, मी, असं ओरडायचं एवढंच बाकी होतं. ओरडली असती तर तिला तिथेच धरलं असतं. पोरीची साक्ष कायद्याने उभीच राहिली असती, आणि पोरगी संध्याकाळी वसतिगृहात गेली असती. ती खाली बसली. ते बसणं तिला पुढे कधी माफ करता आलं नाही.

"नाही," शर्वरी म्हणाली. "बाबा नव्हते." मग घाईने म्हणाली, "पण त्यांनी आग लावली असेल असं मला वाटत नाही."

"वाटण्याचा प्रश्न नाही, बाळ," अधिकारी म्हणाले आणि पिंजऱ्याकडे वळले. "आरोपीला साक्षीदाराला काही विचारायचंय?"

रणधीर उभा राहिला. त्याने सहाव्या रांगेकडे एकदा बघितलं, आणि त्याला सगळं कळलंय हे केतकीला कळलं. तो रागावला असता तर बरं झालं असतं. मग त्याने लेकीकडे बघितलं.

"शरू," तो म्हणाला, "डबा न बांधता जमतंय का आता?"

"जमतंय."

"दम लागत नाही?"

"नाही लागत."

"मग झालं," रणधीर म्हणाला. "मला आणखी काही विचारायचं नाही."

निकाल वीस मिनिटांत लागला. शिक्षा सोमवारी सकाळी होती.

बाहेरच्या व्हरांड्यात डॉक्टर वझ्यांनी केतकीला गाठलं. ते नेहमीसारखे हळू आवाजात बोलले.

"चौगुलेबाई, तुमच्यावर प्रसंग आहे, मी समजू शकतो. पण एक सांगायलाच हवं. इतकं पक्कं दार मी या सबंध कामात बघितलेलं नाही. आवाज कुठून आणलात ते मी विचारत नाही."

केतकी जायला वळली.

"भरणही छान बसलं. कडेला उभं राहून हसणारे पालक, हातात काहीतरी धरलेलं. यंत्राने नेमकं तेच निवडलं."

"मी तिथे काही टाकलं नव्हतं," केतकी म्हणाली. आपण काय कबूल करतोय याचं तिला भान राहिलं नाही. "मी काळं ठेवलं होतं."

"हो, हो. तुमच्याकडून राहिलेल्या काळ्या जागा यंत्र आता आपलं आपणच भरतं. तुम्हाला कुणी सांगितलं नाही? जानेवारीपासून." वझ्यांनी तिच्या खांद्यावर हात ठेवला. "नऊ वर्षं तुम्ही काळं ठेवलंत आणि दर वेळी तिथे पालकांना बसवलंत. ते तुमच्याकडूनच शिकलं, बाई. आम्ही वेगळं काही शिकवलं नाही."

ते गेले. केतकी भिंतीला टेकून उभी राहिली. गुरुवारची मेणबत्ती तिला आठवली, पोरीच्या केसांना लावलेलं तेल आठवलं. आपण स्वतः राखण करून ते भरण वाळवलं होतं. कुणाचा धक्का लागू दिला नव्हता.

*

घरी जायच्या रस्त्यावर ऊन होतं. शर्वरी बिल्ल्यावर बोट फिरवत चालली होती. ती रडली नव्हती. दलाचं मूल चारचौघांत रडत नाही. 

"आई, मी खरं तेच सांगितलं ना?"

"हो."

"बाबांना वाईट वाटलं असेल?"

"नाही. त्यांना तुझं कौतुक वाटलं."

दोघी थोडं चालल्या. उसाच्या रसाच्या गाड्यापाशी शर्वरी थांबली. तिला रस नको होता, काहीतरी खुपत होतं म्हणून थांबली.

"पण आई," ती म्हणाली, "डब्याचं बाबांनी कसं विचारलं? म्हणजे मी कोर्टात सांगितलं खरं, पण त्यांनी आधीपासूनच माहीत असल्यासारखं विचारलं. दम लागतो का असंही विचारलं. मला पहिल्यांदा फार दम लागायचा, हे मी कोर्टात सांगितलंच नव्हतं. त्यांना कसं कळलं? ते तर नदीवर कधी आलेच नव्हते."

कपाळाला तीच आठी पडली होती. केतकीने नऊ वर्षं दुसऱ्यांच्या मुलांच्या कपाळावर ही आठी टोपीच्या चकत्यांमधून वाचली होती. दार उघडलं होतं. चष्मा नव्हता, टोपी नव्हती, यंत्र नव्हतं. नवऱ्याच्या दोन साध्या प्रश्नांनी ते उघडलं होतं, आणि आता पाच-सहा तास ते उघडंच राहणार होतं. एक वाक्य पुरलं असतं. तेच होते, शरू, तो हात बाबांचा होता. पोरीला बाप परत मिळाला असता. आणि त्याच श्वासात, आज आपण त्या बापाला काय केलं, हेही मिळालं असतं. तेराव्या वर्षी. सोमवारच्या दोन दिवस आधी. मग आयुष्यभर तेच आठवत राहिलं असतं.

शर्वरी वाट बघत होती.

"मीच सांगितलं होतं त्यांना," केतकी म्हणाली. "मंगळवारी भेटायला गेले होते ना, तेव्हा."

"डब्याचं पण?"

"डब्याचं पण. दमाचं पण. तूच नाही का मला सांगितलंस, पालकांनी कसं शिकवलं ते."

शर्वरीने आठवून बघितलं. कपाळावरची आठी हळूहळू गेली.

"हां," ती म्हणाली. "सांगितलं असेन."

रसवाल्याने दोन पेले भरून पुढे केले. केतकीने एक पोरीच्या हातात दिला. मग तिला पालकांच्या हसण्याबद्दल, डोहाबद्दल आणि त्या दिवशीच्या उन्हाबद्दल ती विचारत राहिली. घर येईपर्यंत आणि घरी आल्यावरही, संध्याकाळी पेटी लागेपर्यंत ती विचारत होती. सहा तास पुरे झाल्यावरच ती उठली आणि न्हाणीघरात जाऊन तिने आतून कडी लावली.